रुज्जेरो मास्त्रोयान्नी: एकाच संकलकाचे इतके निराळे चित्रपट कसे?

प्रश्न
अभिनेते मार्चेल्लो मास्त्रोयान्नी यांचे धाकटे बंधू रुज्जेरो (१९२९–१९९६) यांनी इटालियन दिग्दर्शक विस्कोंती यांच्या ‘डेथ इन व्हेनिस’चे (१९७१) संकलन केले आणि दोनच वर्षांनी दिग्दर्शक फेलिनी यांच्या ‘आमारकोर्द’चेही. पहिल्यात एका चेहऱ्यावर दृश्य इतके रेंगाळते की ते तुटूच नये असे वाटते. दुसऱ्यात गावातली माणसे, ऋतू आणि आठवणी एकमेकांत मिसळत जातात. मधल्या वर्षी आलेल्या दिग्दर्शक रोझी यांच्या ‘द मात्तेई अफेअर’मध्ये तर विमान अपघातापासून सुरू झालेली कथा काळात सतत मागेपुढे जाते. हे तिन्ही लागोपाठ पाहूनही मला त्यांत एकाच माणसाचा हात ओळखता आला नाही. संकलकाला स्वतःची शैली नसते, असे मानावे का?

प्रतिसाद १
आधी त्या काळची इटालियन कार्यपद्धती लक्षात घ्यायला हवी. चित्रीकरणावेळचा आवाज तिथे सहसा अंतिम चित्रपटात ठेवत नसत. संवाद नंतर डब होत. फेलिनी दृश्य चालू असतानाच नटांना मोठ्याने सूचना देत आणि कधीकधी संवादांऐवजी नुसते आकडे म्हणायला लावत. त्यामुळे संकलकाच्या हाती येणारी फिल्म बोलण्याच्या लयीला जखडलेली नसे, आणि दृश्य कुठे तोडायचे हे त्याला चेहरा व हालचाल पाहून ठरवता येई.

प्रतिसाद २
यात एका अवजाराचीही भर घालतो. रुज्जेरोंच्या आधी फेलिनींचे चित्रपट, उदाहरणार्थ ‘ला दोल्चे व्हिता’ (१९६०), संकलित करणारे लेओ कातोत्सो यांनी फिल्मचे तुकडे पारदर्शक चिकटपट्टीने जोडणारे यंत्र तयार केले. द्रावणाने चिकटवलेला जोड बदलायचा झाल्यास फिल्मच्या चौकटी (फ्रेम) वाया जात. पट्टी मात्र सोलून काढली की फिल्म जशीच्या तशी राही, म्हणून एकच जागा पुन्हा पुन्हा करून पाहण्याची भीती उरली नाही.

प्रतिसाद ३
दोन्ही मुद्दे मान्य आहेत, पण त्यांतून मोकळीक कुठून आली एवढेच कळते. तिचा उपयोग रुज्जेरोंनी कसा केला ते कळत नाही. माझ्या मते दिग्दर्शकाचा श्वास ओळखणे हीच त्यांची शैली होती, आणि त्याचा पुरावा बव्हेरियाच्या राजावरील विस्कोंतींच्या ‘लुडविग’ या चित्रपटात आहे. १९७३ मध्ये तो विस्कोंतींच्या मनाविरुद्ध बराच कापून प्रदर्शित झाला. १९७६ मध्ये विस्कोंती गेल्यानंतर त्यांच्या सहकाऱ्यांनी चित्रपटाचे हक्क मिळवले, आणि पटकथालेखिका सुझो चेक्की द’आमिको यांच्या साथीने रुज्जेरोंनी जवळपास चार तासांची आवृत्ती पुन्हा उभी केली. ती १९८० मध्ये व्हेनिसमध्ये दाखवली गेली. या वेळी विचारायला दिग्दर्शक नव्हता. कोणता क्षण किती वेळ धरायचा, हे त्यांना विस्कोंतींसोबत घालवलेल्या वर्षांच्या आधारे ठरवावे लागले.

मूळ प्रश्नकर्ता
मी ‘लुडविग’ची छोटी आवृत्ती पाहिली होती आणि राजाचा एकाकीपणा त्यात घाईघाईने उरकला आहे, असे मला वाटले होते. तो दोष मी इतकी वर्षे संकलकाच्या माथी मारत होतो. आता चार तासांची आवृत्ती मिळवून पाहतो.