लॉर्ड डफरिनच्या किताबातलं 'आवा': कर्तबगारीचा मान की लुटीचा शिक्का?

मिऱ्याचा वारा

रत्नागिरीत आमच्या घरून थिबा पॅलेसला चालत जाता येतं. लहानपणी पाहुणे आले की त्यांना तिथे फिरवून आणायचं काम माझं. "ब्रह्मदेशचा राजा इथे कैदेत होता," एवढं सांगून आम्ही खाडीकडे बघत उभे राहायचो. त्याला इथे आणून टाकलं कुणी, हे ना पाहुण्यांनी कधी विचारलं, ना मला कधी सुचलं.

चाळिशी उलटल्यावर वाचायला घेतलं आणि लॉर्ड डफरिन या माणसापाशी अडकलो. जन्म १८२६, फ्लॉरेन्सचा. उत्तर आयर्लंडात क्लॅन्डेबॉय ही घराण्याची जहागीर. विशीतच व्हिक्टोरिया राणीच्या दरबारात मानकरी, पुढे कॅनडाचा गव्हर्नर जनरल, रशिया आणि तुर्कस्तानात राजदूत, १८८४ ते १८८८ हिंदुस्थानचा व्हाइसरॉय, त्यानंतर रोम आणि पॅरिसला राजदूत. बोलणं असं की समोरचा आपलासा व्हावा. हे सगळं मला मान्य आहे.

पण १८८५च्या नोव्हेंबरात त्याच्या कारकिर्दीतल्या फौजा ब्रह्मदेशातल्या इरावती नदीतून वर गेल्या. २८ नोव्हेंबरला राजधानी मंडाले हातात आलं. थिबा राजा, राणी सुपयालत आणि लहान मुलींना बोटीवर चढवलं, आधी मद्रासला ठेवलं आणि एप्रिल १८८६मध्ये रत्नागिरीला आणलं. १ जानेवारी १८८६ला राज्य खालसा झालं होतंच. आणि १८८८मध्ये डफरिनला किताब मिळाला: 'मार्क्विस ऑफ डफरिन अँड आवा'. आवा म्हणजे ब्रह्मी राजांची जुनी राजधानी.

मुलूख घेणारे पुष्कळ झाले. पण ज्याचं घेतलं तो जिवंत असताना त्याच्या राजधानीचं नाव आपल्या किताबात ओवायचं आणि ते मुलानातवंडांना वारशात द्यायचं, हे मला सहन होत नाही. थिबा १९१६पर्यंत आमच्या गावात होता. इथेच गेला. डफरिनबद्दल बोलायचं तर सुरुवात इथून व्हायला हवी असं माझं मत आहे. तुमचं?

सोलापूरची लेक

असहमत, आणि जरा कळवळून लिहिते आहे. माझा जन्म डफरिनचा. आईचाही, माझ्या थोरलीचाही. सोलापुरात 'डफरिन' म्हणजे बायकांचं हॉस्पिटल, 'डफरिन चौक' म्हणजे सगळ्या रिक्षावाल्यांना ठाऊक असलेला पत्ता. अमरावतीतही जिल्हा स्त्री रुग्णालयाला लोक डफरिनच म्हणतात. हे नाव त्या व्हाइसरॉयच्या बायकोचं, हॅरियटचं.

हिंदुस्थानात येण्याआधी राणीने तिला सांगितलं होतं की इथल्या बायकांच्या औषधपाण्याकडे लक्ष दे. ती आली आणि १८८५च्या ऑगस्टमध्ये तिने निधी उभा केला. त्या वेळची बाळंतिणीची अवस्था आठवा. पुरुष डॉक्टरला अंगाला हात लावू द्यायचा नाही, बाई डॉक्टर मिळायची नाही, अंधारी खोली, खाली शेगडी आणि सुईण. आपल्या आनंदीबाई जोशी तेव्हा फिलाडेल्फियात शिकत होत्या. मार्च १८८६मध्ये त्या डॉक्टर झाल्या, कोल्हापूरच्या हॉस्पिटलात त्यांची नेमणूक झाली, आणि फेब्रुवारी १८८७मध्ये, बावीस वर्षंही पुरी न होता त्या गेल्या. एका आनंदीबाईवर किती भार टाकणार? दवाखाने हवे होते, शिकवायची सोय हवी होती, पैसा हवा होता. तो त्या निधीने उभा केला.

दादा, तुम्ही म्हणता मोजणी आवापासून सुरू करा. माझ्या घरात तीन पिढ्या त्या दवाखान्यात सुखरूप जन्मल्या. मी माझी मोजणी तिथून का सुरू करू नये?

वऱ्हाडी डॉक्टरीण

ताई, मी त्याच नावाच्या एका दवाखान्यात नोकरी केली आहे, त्यामुळे तुमची माया समजते. पण दोन गोष्टी. निधीच्या दवाखान्यांतल्या बाई डॉक्टरांच्या डोक्यावर जिल्ह्याचा सिव्हिल सर्जन असायचा, आणि तो पुरुषच. वरच्या जागा बहुतेक विलायतेहून आलेल्या बायकांना, आपल्या मुली खालच्या पगारावर. या तक्रारी पुढे खुद्द बाई डॉक्टरांनीच केल्या.

दुसरं म्हणजे बायकोने बांधलेल्या दवाखान्याने नवऱ्याचं खातं कसं भरेल? हॅरियटचं श्रेय हॅरियटला द्या, पूर्ण द्या. धागा 'आवा'बद्दल आहे.

जुनं दप्तर

मी डफरिनच्या बाजूने बोलणार आहे.

आधी माणूस बघा. १८४७मध्ये आयर्लंडात बटाट्याचा दुष्काळ होता. हा ऑक्सफर्डचा विशीतला विद्यार्थी, मित्राला घेऊन स्किबरीन या सर्वांत होरपळलेल्या गावी गेला, डोळ्यांनी पाहिलं ते लिहून छापलं. १८६०मध्ये लेबनॉन-सीरियात ख्रिस्ती लोकांच्या कत्तली झाल्या. तिथे ब्रिटनचा प्रतिनिधी म्हणून गेल्यावर त्याने सूडापोटी सगळ्या द्रूझ जमातीला (कत्तलींचा ठपका तिच्यावर होता) चिरडू दिलं नाही. तिथल्या कारभाराची जी घडी १८६१मध्ये बसली तिच्यात त्याचा मोठा वाटा होता. रक्ताला चटावलेला माणूस हा नव्हे.

आता ब्रह्मदेश. थिबाने गादीवर आल्यावर १८७९मध्ये दरबारात ऐंशीच्या आसपास राजकुलातल्या माणसांना मारवलं, बायका-मुलांसकट. हे इंग्रजांनी रचलेलं नाही. फ्रेंच लोक मंडालेत पाय रोवत होते, जानेवारी १८८५मध्ये तहही झाला होता. लंडनमध्ये रँडॉल्फ चर्चिल भारतमंत्री होते, निवडणूक तोंडावर होती, व्यापारी मागे लागले होते. डफरिन एकटा काय करणार होता?

आणि १ जानेवारीच्या जाहीरनाम्याने सगळं संपलं नव्हतं. फेब्रुवारी १८८६मध्ये तो स्वतः मंडालेला गेला. दुसरा राजपुत्र गादीवर बसवून संस्थान ठेवायचं का, हा विचार तेव्हाही चालू होता. योग्य माणूस मिळेना म्हणून थेट कारभार आला.

मिऱ्याचा वारा

दप्तरकाका, तुमचा आदर ठेवून उत्तर देतो.

व्यापाऱ्यांचं तुम्ही ओझरतं सांगितलंत. बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन ही १८६३मध्ये आपल्या मुंबईत निघालेली कंपनी. सागवान तोडायचा मक्ता तिच्याकडे. जितका माल काढला तितका दाखवला नाही म्हणून ब्रह्मी दरबाराने तिला २३ लाख रुपये दंड केला. सार्वभौम राज्याने आपल्या जंगलातल्या ठेकेदाराला दंड करावा, यात गैर काय? तंटा वाटाघाटीने मिटला असता. त्याऐवजी निर्वाणीचा खलिता गेला, त्यात परराष्ट्र धोरणही आमच्या सल्ल्याने चालवा अशी अट. असली अट मान्य केली तर राजा उरतोच कुठे?

कत्तलीबद्दल तुमचं खरं आहे. थिबाला मी साधू म्हणत नाही. पण कत्तल १८७९ची आणि फौज १८८५ला. मधली सहा वर्षं ती कुणाच्या काळजाला लागली नव्हती.

फेब्रुवारीच्या भेटीबद्दलही मला वेगळं वाटतं. राजा बोटीत बसवून नेल्यावर तिसऱ्या महिन्यात राज्याचं काय करायचं ते ठरवायला जाणं, ही चौकशी नव्हे. निकाल लागलेला होता.

केसरीवाचक

एक गोष्ट कुणीच मांडली नाही. मंडालेच्या राजवाड्याभोवतीच्या कोटाला इंग्रजांनी नाव दिलं 'फोर्ट डफरिन'. टिळक १९०८ ते १९१४ ज्या तुरुंगात होते तो त्याच कोटाच्या आत. मंडालेचा राजा रत्नागिरीत आणि रत्नागिरीत जन्मलेला माणूस मंडालेत, डफरिनच्या नावाच्या भिंतींमध्ये. 'गीतारहस्य' तिथे लिहिलं गेलं.

आणि काँग्रेस? ती डिसेंबर १८८५मध्ये मुंबईत गोकुळदास तेजपाल पाठशाळेत भरली ती डफरिनच्याच काळात. सुरुवातीला त्याने विरोध केला नाही. पण जाताना, नोव्हेंबर १८८८च्या अखेरीस कलकत्त्याच्या मेजवानीत त्याने त्याच शिकलेल्या लोकांना सूक्ष्मदर्शकातून बघावं लागेल असे मूठभर ठरवलं. किताब मिळाला तोही त्याच महिन्यात. गोड बोलण्याखाली काय होतं ते मला तिथे दिसतं.

जुनं दप्तर

ते भाषण मलाही बोचतं. त्याचा बचाव करणार नाही.

पण घराण्याचा विषय निघालाच आहे तर तेही बघा. बाप १८४१मध्ये बोटीवर अफूच्या अर्काची मात्रा जास्त झाल्याने गेला, तेव्हा हा पंधरा वर्षांचा. आई हेलन, नाटककार शेरिडनची नात, गाणी लिहिणारी. तिच्यावर त्याचा इतका जीव की क्लॅन्डेबॉयच्या टेकडीवर तिच्या नावाने मनोरा बांधला आणि टेनिसनकडून त्यासाठी कविता लिहून घेतली. जहागिरीवर कर्ज सुमारे ३ लाख पौंड, जमिनी विकाव्या लागल्या. म्हातारपणी लंडनच्या एका वित्तकंपनीचा अध्यक्ष झाला. १९००च्या डिसेंबरात ती बुडाली. फसवणूक दुसऱ्याची होती, पण जानेवारीत भागधारकांसमोर हा स्वतः जाऊन उभा राहिला. त्याआधी वर्षभर थोरला मुलगा बोअर युद्धात लेडीस्मिथला जखमी होऊन गेला होता. १९०२मध्ये हाही गेला. 'आवा' मिळालं म्हणून हा माणूस सुखात लोळला असं नाही.

कऱ्हाकाठ

त्या थोरल्या मुलाचा किताब काय होता माहीत आहे ना? 'अर्ल ऑफ आवा'. पुढे डफरिनचा आणखी एक मुलगा पहिल्या महायुद्धात पडला, एक विमान कोसळून गेला. आणि नातू, चौथा मार्क्विस, मार्च १९४५मध्ये मारला गेला तो ब्रह्मदेशातच, त्या जुन्या आवाच्या जवळ. त्याच आठवड्यात आपल्या हिंदी फौजेची १९वी डिव्हिजन जपान्यांच्या ताब्यातल्या फोर्ट डफरिनमध्ये शिरली होती, राजवाडा जळाला होता. जे पेरलं ते उगवलं. मला याहून जास्त बोलायची गरज वाटत नाही.

मिऱ्याचा वारा

कऱ्हाकाठ, तुम्ही माझ्या बाजूने लिहिलंत तरी हे मला पटत नाही. नातू पस्तीस वर्षांचा होता. आजोबाच्या किताबाचा हिशेब त्याच्या मरणाने चुकता झाला असं मी म्हणणार नाही, तुम्हीही म्हणू नका. मग थिबाच्या मुलींच्या वाट्याला जे आलं ते १८७९च्या कत्तलीचं फळ म्हणायचं का? त्यांनी काय केलं होतं?

ताईंचं एक मी मान्य करतो. मोजणी एकाच ठिकाणाहून सुरू करा, हे म्हणायचा हक्क मला नाही. सोलापुरात ती दवाखान्यातून सुरू होते, ते बरोबरच आहे. 'आवा'बद्दल मात्र मी हटत नाही. ते नाव त्या घराण्यात १८८८पासून पाचव्या मार्क्विसच्या मृत्यूपर्यंत, म्हणजे १९८८पर्यंत शंभर वर्षं चाललं. इकडे थोरल्या राजकन्येची मुलगी टूटू रत्नागिरीत मराठी बोलत, मराठी संसार करत म्हातारी झाली आणि २०००मध्ये वारली. आमच्या गावात सगळे तिला बाईसू म्हणायचे. आवाचं नाव लावण्याचा हक्क कुणाचा असेल तर तिचा होता, आणि तिला ते कुणी देऊ केलं नाही.

सोलापूरची लेक

बाईसूंचं मला माहीत नव्हतं. दिवाळीनंतर आम्ही गणपतीपुळ्याला येतोय. राजाचं थडगं बघता येतं का?

मिऱ्याचा वारा

येतं. शिवाजीनगरला आहे. २०१२मध्ये म्यानमारचे राष्ट्राध्यक्ष येऊन गेले तेव्हा जरा गजबज झाली होती, एरवी कुणी फिरकत नाही. या ताई, मी घेऊन जाईन.