वेर्नर पेटर्स: साच्यात अडकलेला नट, की एकाच वृत्तीचा आयुष्यभर केलेला अभ्यास?

धागाकर्ता:
युद्धोत्तर जर्मन चित्रपटांतील चरित्र अभिनेते वेर्नर पेटर्स (१९१८–१९७१) यांनी पूर्व जर्मनीत एक थोर भूमिका केली आणि पश्चिमेकडे जाऊन पुढची कारकीर्द वाया घालवली, हे मत मला अन्यायकारक वाटते. वोल्फगांग श्टाउटे यांनी हाइनरिश मान यांच्या कादंबरीवरून १९५१ मध्ये काढलेल्या ‘डेर उंटरटान’मधला त्यांचा डीडरिश हेसलिंग हा वरिष्ठांपुढे लवणारा आणि हाताखालच्यांना तुडवणारा, कैसरच्या म्हणजे जर्मन सम्राटाच्या काळातला कारखानदार आहे. पुढे त्यांनी रंगवलेले नाझी पदाधिकारी आणि सुखवस्तू संधिसाधू हे त्याच हेसलिंगचे वंशज आहेत. राजवटी बदलल्या तरी टिकून राहिलेली ही वृत्ती इतक्या सातत्याने दुसऱ्या कुणा नटाने दाखवलेली मला माहीत नाही.

प्रतिसाद १:
असहमत आहे. बाजाराने जे लादले त्याचे श्रेय आपण नटाच्या निवडीला देत आहात. हेसलिंग घडतो कसा, हे श्टाउटे बालपणापासून, शाळा, विद्यार्थी मंडळ आणि लष्करी सेवा यांतून दाखवत नेतात, त्यामुळे पेटर्स यांच्या गुबगुबीत चेहऱ्यावरची भीती आणि मग्रुरी एकाच वेळी आपल्याला कळते. याउलट ‘बॅटल ऑफ द बल्ज’मधील (१९६५) जनरल कोलरला पूर्वायुष्यच नाही, तिथे गणवेश बोलतो, नट नव्हे. हॉलिवूडला जाडसर, कुर्रेबाज जर्मन हवा होता आणि तो त्यांना मिळाला, एवढेच!

धागाकर्ता:
कोलरविषयी आपले म्हणणे रास्त आहे, पण केवळ हॉलिवूडवरून निवाडा करू नये. रॉबर्ट झिओडमाक यांच्या १९५७ च्या ‘नाख्ट्स, वेन डेर टॉयफेल काम’मध्ये पेटर्स यांनी विली कॉयन हा नाझी पक्षाचा किरकोळ पदाधिकारी साकारला. त्याच्यावर प्रेयसीच्या खुनाचा खोटा आळ येतो, आणि ज्या राजवटीच्या जोरावर तो मिरवत होता, तीच खरा खुनी सापडल्यावरही आपली अब्रू राखण्यासाठी त्याचा बळी देते. अशा माणसाविषयी आपल्याला कणव वाटावी, पण त्याच्या क्षुद्रपणाचा क्षणभरही विसर पडू नये, हे अवघड काम त्यांनी साधले आहे. या भूमिकेला पश्चिम जर्मनीचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारही मिळाला.

प्रतिसाद २:
माझा कल पहिल्या प्रतिसादाकडे आहे. कॉयन उत्तमच आहे, परंतु तो झिओडमाक यांच्यासारख्या दिग्दर्शकाच्या हाती घडला. १९५९ च्या ‘रोझन फ्यूर डेन श्टाट्सआनवाल्ट’मध्ये श्टाउटे यांनी पेटर्स यांना पुन्हा बोलावले, तेव्हा नाझी काळातला न्यायाधिकारी युद्धोत्तर पश्चिम जर्मनीच्या नव्या प्रजासत्ताकात सरकारी वकील होऊन बसल्याची ती कथा पेटर्स यांच्या शैलीला नेमकी मानवली. भूमिकेमागे समाजाचा विचार असला की पेटर्स मोठे होतात, आणि तो नसला की त्यांच्याजवळ केवळ लकबी उरतात. आपण ज्याला सातत्य म्हणता, ते मला त्या दोन-तीन चित्रपटांतच दिसते.