मे महिन्यात कोकणात अंगणातलं लग्न, फोटो होईपर्यंत नवरीचा मेकअप आणि केस टिकवायचे कसे?

नवरीची_ताई
नमस्कार मंडळी, जरा घाईत विचारतेय. माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न मे च्या दुसऱ्या आठवड्यात आहे, गुहागरजवळ आमच्या गावच्या घरी. हॉल घ्यायचा नाही असं तिनेच ठरवलंय कारण आजी आता अंथरुणाला खिळलीय, तिला हॉलपर्यंत नेणं शक्य नाही, म्हणून अंगणात मांडव. मुहूर्त 11 वाजून 48 मिनिटांचा. सगळे फोटो बाहेरच होणार, मांडवात, वाडीत आणि संध्याकाळी समुद्रावर. दोन वर्षांपूर्वी आमच्या चुलतबहिणीचं असंच मे मध्ये लग्न झालं तेव्हा होमाला बसेपर्यंत तिच्या वरच्या ओठावर पावडरीचे ठिपके ठिपके दिसायला लागले, कुंकू नाकाच्या शेंड्यापर्यंत ओघळलं आणि अंबाडा मानेवर उतरला. मेकअपवाली मुहूर्ताआधीच निघून गेली होती. ते फोटो ती अजून कुणाला दाखवत नाही, मला फार वाईट वाटतं. बहिणीच्या बाबतीत तसं होऊ द्यायचं नाहीये. अष्टपुत्री, मुंडावळ्या, नथ, खोपा, गजरा सगळं पारंपरिक हवंय. काय करू? पार्लरवालीला आधी काय काय सांगून ठेवू?

रत्नागिरीची_पार्लरवाली
ताई, मी रत्नागिरीतच पार्लर चालवते, एप्रिल-मे मध्ये नवऱ्याच नवऱ्या असतात, त्यामुळे हा घाम मी रोज बघते. पहिली गोष्ट, घाम येत असताना बेस सुरूच करू द्यायचा नाही. नवरी धावपळ करून, देवाला नमस्कार करून येते आणि लगेच खुर्चीत बसते, तिथेच सगळं बिघडतं. अर्धा तास आधी तिला एका खोलीत पंख्याखाली नुसतं बसवा, मलमलच्या फडक्यात बर्फ गुंडाळून मानेला, कपाळाला, नाकाच्या बाजूंना फिरवा (नुसता बर्फ चेहऱ्यावर घासू नका), चेहरा टिपून कोरडा झाला की मगच मॉइश्चरायझर, तेही पातळ, आणि ते मुरायला दहा मिनिटं द्या. प्राइमर सिलिकॉनचा आणि फाउंडेशन पाण्याचं असं झालं तर दोन्ही एकमेकांवर सरकतात आणि गोळ्या येतात, म्हणून ट्रायललाच हे विचारा. फाउंडेशन जाड थापू नका, ओल्या स्पंजने पातळ थर, हवा तिथे दुसरा पातळ थर. पावडर फक्त कपाळ, नाकाच्या बाजू, वरचा ओठ आणि हनुवटीवर. ओठावरचे जे ठिपके म्हणताय ना, ते घामावर पावडर मारल्याने होतात. आधी टिश्यू दाबून घाम टिपायचा, पुसायचा नाही, मग गरज वाटली तरच पावडर. हे एका करवलीला घरी चारदा करून दाखवा आणि दिवसभर तिला नवरीजवळच ठेवा, पर्समध्ये टिश्यू, कापसाच्या काड्या, लिपस्टिक, जास्तीच्या पिना आणि एक जादा चापाची नथ.

नथीचं सांगते, चापाची असेल तर घामाने घसरते आणि दर वेळी सारखी करताना नाकावरचं फाउंडेशन निघतं, तिथे पांढरा डाग पडतो तो क्लोजअपमध्ये लगेच दिसतो. जिथे चाप बसतो तेवढी जागा मी कोरडीच ठेवते, काही लावतच नाही.

अजून एक, हळद आदल्या दिवशी असेल तर जबड्याच्या कडेला आणि मानेवर पिवळेपणा राहतोच, बेसन-दूध लावून बराचसा जातो पण सगळा नाही. ट्रायलला बसलेली शेड त्या सकाळी वेगळी दिसते, म्हणून थोडी उजळ-गडद दुसरी शेड सोबत ठेवायला सांगा.

केस हळदीच्या संध्याकाळीच धुवायचे, लग्नाच्या सकाळी नाही, ताजे धुतलेले केस निसरडे असतात, पिना धरत नाहीत. कंडिशनर फक्त टोकांना, तेल अजिबात नको. आणि पूर्ण वाळू द्या, आत दमट राहिले की अंबाडा सैल होतो. पिना एकावर एक फुली घालून लावायच्या. तुमच्या चुलतबहिणीचा खाली आला तो बहुतेक गजऱ्याच्या वजनाने, जाड गजऱ्याला अंबाड्याच्या वर वेगळी पिन लागते.

कॅमेरेवाला_दादा
मी लग्नाचे फोटो काढतो, म्हणून उजेडाचं सांगतो, कारण निम्मा मेकअप उजेडच बिघडवतो. मे च्या पहिल्या पंधरवड्यात कोकणात सूर्य दुपारी साडेबाराच्या सुमाराला जवळजवळ बरोबर डोक्यावर येतो. 11:48 चा मुहूर्त म्हणजे अगदी त्याच वेळेत. उघड्यावर उभं केलं तर डोळ्यांच्या खोबणीत आणि नाकाखाली काळी सावली पडते आणि कपाळ चमकतं, मग नवरीचा मेकअप कितीही चांगला असो. त्यामुळे मांडवाचं छत पांढरं किंवा मळकट पांढरं घ्या, लाल-पिवळ्या कापडाखाली सगळ्यांचे चेहरे त्याच रंगाचे होतात आणि ते नंतर नीट करता येत नाही. झापांचा, म्हणजे माडाच्या विणलेल्या झावळ्यांचा मांडव गार असतो पण कवडसे पडतात, गालावर एक पांढरा गोळा आणि बाजूला अंधार. झाप घालणार असाल तर आतून पांढरं कापड ताणा. वाडीतही तेच, माडाखाली कवडशात उभं न करता घराच्या सावलीत उभं करा.

नवरीचे एकटीचे आणि घरच्यांबरोबरचे फोटो सकाळी साडेसात ते नऊ मध्ये उरकून घ्या, घाम सुरू होण्याआधी. समुद्रावर साडेपाचच्या आधी जाऊच नका. तेव्हा वारा समुद्रावरून येतो, नवरीचं तोंड वाऱ्याकडे ठेवलं की बटा मागे जातात, पाठ केली तर सगळे केस तोंडावर. आणि अंधार पडल्यावर फ्लॅश मारणार असतील तर मेकअपवालीला आधी सांगा, काही सनस्क्रीन आणि पांढऱ्या पावडरी फ्लॅशमध्ये चेहरा पिठासारखा पांढरा करतात. ट्रायलच्या दिवशीच एक फ्लॅशचा फोटो काढून बघा.

अकोल्याची_मृणाल
माझं लग्न अकोल्यात मे मध्येच झालं, आमच्याकडे ऊन जास्त पण हवा कोरडी, घाम वाळतो, त्यामुळे मला त्वचा फाटल्यासारखी दिसण्याचा त्रास झाला. सांगायचं कारण असं की नेटवर बघून कूलर मागवू नका. आमच्याकडे कूलरने जीव वाचतो पण कोकणात हवा आधीच ओली, कूलरने अजून चिकचिक होईल. साधे मोठे पंखे लावा, फक्त होमकुंडावर थेट नको, धूर सगळा नवरीच्या डोळ्यात जातो. धुराने डोळे भरून आले की टिश्यूची घडी खालच्या पापणीला नुसती टेकवायची, चोळायचं नाही. मस्कारा वॉटरप्रूफच. आणि तिला पाणी पाजत राहा हो, मला लिपस्टिक जाईल म्हणून कुणी पाणीच दिलं नाही, सप्तपदीला चक्कर आली. स्ट्रॉ ठेवा, कोकम सरबत ठेवा.

देवरुखच्या_काकू
कुंकवाचं कुणी बोललं नाही म्हणून लिहिते. आमच्या वेळी कपाळावर आधी मेण लावायचे आणि त्यावर पिंजर, म्हणजे कोरडं कुंकू. घाम मेणावर ठरत नाही, कुंकू दिवसभर गोल राहायचं. मेण अगदी कणभर, बोटाने गोल चोळायचं, मग कोरडी पिंजर दाबायची आणि बाजूचं कापसाने टिपून घ्यायचं. ओलं गंध नको. गजऱ्याला मोगऱ्याच्या घट्ट कळ्या घ्या आणि डोक्यात घालेपर्यंत केळीच्या पानात गुंडाळून वर ओलं फडकं. दुपारपर्यंत मोगरा काळवंडतोच, तेव्हा संध्याकाळसाठी दुसरा ठेवा, किंवा अबोली घाला, तिला वास नाही पण उन्हात मान टाकत नाही.

नवरीची_ताई
सगळ्यांचे खूप खूप आभार, अक्षरशः वहीत उतरवून घेतलं. छताचं पिवळं कापड आजच फोन करून बदलायला सांगितलं. सकाळी पावणेआठला पडवीत आजीची कॉट ओढून घेणार आणि पहिला फोटो बहिणीचा आणि तिचा, मग बाकीचे. ट्रायल या रविवारी घरीच, भर बारा वाजता अंगणात उभं करून बघणार आणि मोबाइलचा फ्लॅशही मारून बघणार.

काकू, मेणाचं आजीला वाचून दाखवलं. तिने लगेच माळ्यावरून फणेरपेटी (कुंकू-फणीची जुनी पेटी) काढायला लावली, आत मेणाची लाकडी डबी आहे, मेण पार कडक झालंय पण बोटाने चोळल्यावर मऊ पडलं. बहिणीच्या कपाळावर तिने पडल्या पडल्याच स्वतः लावलं, हात थरथरत होता तरी कुंकू गोल आलं. बहीण तशीच दुपारभर वाडीत आंबे गोळा करत होती, संध्याकाळी बघितलं तर कुंकू जागेवर होतं.