शब्दचर्चा: 'विलाप' म्हणावं, 'गाऱ्हाणं' म्हणावं की करुणा भाकणं?

ओसरी
एका व्याख्यानाचं मराठी करायला घेतलंय आणि पहिल्याच पानावर गाडी अडलीय. विषय आहे ज्यू आणि ख्रिस्ती धर्मग्रंथांतल्या शोकाच्या आणि पापकबुलीच्या प्रार्थना. मराठी बायबलात यिर्मयाच्या नावाशी जोडलेल्या पुस्तकाला 'विलापगीत' म्हटलंय, ते ठीक. पण वक्ता स्तोत्रसंहितेतल्या कितीतरी स्तोत्रांनाही तोच शब्द लावतो. ती वाचली तर त्यांत रडणं कमी आणि भांडणंच जास्त. 'विलाप' म्हटलं की मला अजविलाप आठवतो, म्हणजे मेलेल्या माणसासाठी जिवंत माणसाचं रडणं. ज्याच्यासाठी रडतात तो उत्तर देणार नसतो. इथे तर समोर देव आहे आणि त्याच्याकडून उत्तर हवंय.

दुसरी अडचण 'पश्चात्ताप'. पाच निरनिराळ्या शब्दांना मी हा एकच शब्द वापरून बसलेय आणि सगळं प्रवचनासारखं ऐकू येतंय. कुणी हात द्याल का?

जुनं खोड
तुम्हाला खटकतंय ते बरोबरच आहे. हिब्रूत मुळात या दोन वेगळ्या जाती आहेत.

एक 'किना'. ही मेलेल्यासाठी म्हणायची. राजा शौल आणि त्याचा मुलगा योनाथान लढाईत पडल्यावर दाविदानं म्हटली ती किना. तिच्यात देवाकडे मागणं काहीच नाही. नुसतं 'कसे पडले हे वीर' असं पालुपद. किना म्हणणाऱ्या बायकांचा तर धंदाच होता. यिर्मयाच्या नवव्या अध्यायात त्यांना बोलावणं धाडलंय, की या आणि आमच्यासाठी सूर धरा, म्हणजे आमच्या डोळ्यांना पाणी येईल. आपल्याकडे म्हाताऱ्या बाया गळा काढून, मेलेल्याचे गुण गात रडायच्या, त्यातलाच हा प्रकार. याला 'विलाप' अगदी चपखल.

विलापगीत हे पुस्तक किनेच्या घाटाचं, फक्त मेलेलं माणूस नाही, शहर आहे. बाबेलच्या नबुखद्नेस्सराच्या फौजेनं इ.स.पू. ५८७-५८६ च्या सुमारास यरुशलेम पाडलं, मंदिर जाळलं, त्या शहराची ही किना. हिब्रूत पुस्तकाचं नाव 'विलाप' नाहीच. पहिल्या शब्दावरून ते 'एखा', म्हणजे 'कशी!' माणसांनी गजबजलेली नगरी कशी एकटी बसलीय, अशी सुरुवात. हा 'कशी' प्रश्नाचा नाही, ऊर बडवतानाचा आहे. ग्रीक भाषांतरात ते 'थ्रेनोय' झालं, म्हणजे शोकगीतं, आणि तिथून आपल्यापर्यंत विलाप आला. 'एखा' ज्या अक्षरांनी लिहितात त्याच अक्षरांनी 'अय्येका' होतं, म्हणजे 'कुठे आहेस तू?' एदेन बागेत लपलेल्या आदामाला देव हेच विचारतो. जुन्या रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मपंडितांनी, हे दोन शब्द शेजारी ठेवून पाहिलेत. स्वर लिहायचे नाहीत अशा लिपीचे हे लाड.

आता घडण बघा. हिब्रू अक्षरं २२. पहिला, दुसरा आणि चौथा अध्याय २२-२२ ओव्यांचे, प्रत्येक ओवी पुढच्या अक्षरानं सुरू होणारी. तिसऱ्यात एकेका अक्षराला तीन ओव्या, म्हणून ६६. पाचव्यात ओव्या २२ च, पण अक्षरांचा क्रम मोडलेला. शोक आवरेना म्हणून त्याला मुळाक्षरांचं कुंपण घातलं आणि शेवटी कुंपणही पडलं, असं मला वाटतं. छंदही लंगडा आहे: आधी तीन ठोक्यांचा चरण, मग दोनचा. एक पाऊल आखूड पडतं. कार्ल बुड्डे या जर्मन अभ्यासकानं १८८२ मध्ये याला 'किना-छंद' म्हटलं.

दुसऱ्या जातीबद्दल उद्या लिहितो. विषय मोठा आहे आणि माझी बोटं म्हातारी आहेत.

तळकोकण
खोडकाका, उद्याची वाट कशाला? ती दुसरी जात म्हणजे आमचं गाऱ्हाणं.

देवळात मानकरी उभा राहून देवाला नावानं हाक मारतो, गावावर काय आलंय ते सांगतो, मग "ता दूर कर" म्हणून मागणं घालतो आणि दर वाक्याला मागचे सगळे "होय महाराजा" म्हणतात. स्तोत्र १३ घ्या. देवाला हाक. लगेच 'कुठवर?' एकदा नाही, चार वेळा. कुठवर मला विसरणार, कुठवर तोंड लपवणार. मग मागणं. मग शेवटी 'तुझ्यावर भरवसा ठेवलाय'. हाक, तक्रार, मागणं, भरवसा: गाऱ्हाण्याचा साचा दुसरा कुठला असतो?

जुनं खोड
साचा पटला. दोन शंका.

गाऱ्हाणं गावासाठी घालतात. दुष्काळात, हरलेल्या लढाईनंतर सगळ्या समाजानं मिळून म्हणायची स्तोत्रं आहेत, उदाहरणार्थ ४४ आणि ७४. तिथे तुमचा शब्द चालेल. पण सहाव्या स्तोत्रातला माणूस रात्रभर एकटा अंथरूण आसवांनी भिजवतोय. त्याच्यामागे "होय महाराजा" म्हणायला कुणी नाही. दुसरं म्हणजे, देशावर 'गाऱ्हाणं' म्हणजे कुरकूर. "काय तिचं रोजचं गाऱ्हाणं" असं आपण सुनेबद्दल बोलतो.

आणि प्रत्येक स्तोत्र भरवशापर्यंत पोचतंच असं नाही. ८८ वं स्तोत्र संपतं तो शेवटचा शब्द आहे 'अंधार'. पुढे काहीच नाही. ते तसंच्या तसं ग्रंथात राहू दिलं, याचं मला दर वेळी नवल वाटतं.

ओसरी
मग 'करुणा भाकणं'?

तळकोकण
त्यात भांडण कुठाय? करुणा भाकणारा हात जोडतो. हा तर देवाला "झोपलास का, ऊठ" म्हणतो. ४४ वं स्तोत्र बघा, जवळजवळ याच शब्दांत आहे. असं बोलायची मुभा फक्त गाऱ्हाण्याला. नाहीतर आमच्या वारकऱ्यांना.

वसईकर
'पश्चात्ताप'च्या बाजूनं थोडं. आमच्याकडे राखेच्या बुधवारी कपाळावर राख लावतात आणि उपवासकाळ सुरू होतो. त्या दिवसाचं स्तोत्र ५१ वं. ख्रिस्ती परंपरेत पापकबुलीची सात स्तोत्रं मानतात: ६, ३२, ३८, ५१, १०२, १३०, १४३. सहाव्या शतकातल्या कासिओदोरसनं ती सात म्हणून मांडली. आता यांतली ६ आणि १०२ ही स्तोत्रं उघडून बघा. पापाचा उल्लेख सापडायला कष्ट पडतात. आजारी, एकट्या, खंगलेल्या माणसाची ती गाऱ्हाणी आहेत. मूळची तक्रार पुढच्या लोकांनी कबुली म्हणून वाचली. म्हणून ओसरीताई, व्याख्यात्याच्या दोन गटांमधली भिंत फार जाड समजू नका.

५१ मध्येच मराठी अडते. मराठी बायबलात 'भग्न व अनुतप्त हृदय' आहे. अनुताप, पश्चात्ताप, दोन्हींत ताप. आपण पापानं भाजतो. 'अनुदिनि अनुतापे तापलो' हे कानात बसलेलं असतं, त्यामुळे वेगळं सुचतच नाही. हिब्रूत तिथे आगीचा मागमूस नाही. शब्द आहे 'निदके', चिरडलेलं. लॅटिनमध्ये याच ओळीत 'कोन्त्रीतुम' आहे, तेही दळण्या-भरडण्यातलंच. मुसळाखाली आलेलं धान्य, तसं हृदय.

जुनं खोड
वसईकर, फार नेमकं. याच स्तोत्रात पापाला तीन शब्द आहेत, त्यांचाही आपण 'पाप-अपराध-अधर्म' असा लगदा करतो. खरं तर तिघांनाही साधे मराठी शब्द घरातच आहेत.

'हेत' म्हणजे चुकणं, आणि तेही नेम चुकणं. शास्त्यांच्या पुस्तकात (२०:१६) बन्यामीन कुळातले सातशे डावखुरे गोफणवाले येतात, केसावर नेम धरला तरी चुकायचे नाहीत. तिथलं 'चुकणं' आणि पापाचा शब्द एकाच धातूचे. मराठीत नेमही चुकतो, वाटही चुकते आणि चूकही होते. इतकं सरळ जुळणारं दुसऱ्या भाषेत शोधावं लागेल.

'आवोन' म्हणजे वाकडेपणा. "वाकडं पाऊल पडलं" असं आपण म्हणतोच.

'पेशा' म्हणजे बंड. इस्राएलची उत्तरेकडची कुळं दाविदाच्या घराण्याविरुद्ध उठली तेव्हा हाच शब्द आलाय. हा राजकारणातला शब्द. पाप करणारा इथे मळलेला नसतो, फितूर झालेला असतो.

ओसरी
'चूक' फार हलकी नाही का वाटत? वहीत लाल शाईनं दाखवतात ती.

जुनं खोड
नाम हलकं, क्रियापद नाही. "मी चुकलो" म्हणून बघा, मोठ्यानं. दानीएलाच्या नवव्या अध्यायातली, एज्रा आणि नहेम्याच्या नवव्या अध्यायांतली कबुलीही अनेकवचनी क्रियापदांतच आहे: आम्ही चुकलो, वाकडं वागलो, बंड केलं. बाबेलच्या हद्दपारीनंतरच्या या प्रार्थनांत 'कुठवर?' मागे पडतं आणि 'तू न्यायी आहेस, लाज आमच्या तोंडाला' पुढे येतं. गाऱ्हाणं घालणाऱ्यानंच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं राहावं, तसं. तुमच्या व्याख्यानाचा कणा बहुधा हाच असणार.

फोडणी
गोणपाट आणि राख याबद्दल कुणी बोलेना. मराठी बायबलात 'गोणताट' वाचून मला कायम कांद्याची गोणी दिसते.

वसईकर
कांद्याची नव्हे, बकरीच्या केसांची. काळी, खरखरीत. प्रकटीकरणात सूर्य काळा पडतो तो 'केसांच्या गोणताटासारखा'. मूळ शब्द 'साक'. इंग्रजीतली 'सॅक' ग्रीक-लॅटिनमधून तिथपर्यंत मागे जाते. म्हणजे पाठीवरची कॉलेजची सॅक आणि निनवेच्या राजानं नेसलेलं गोणताट एकाच घरचे. आपल्याकडे धनगराचं घोंगडं जवळ जातं, पण ते मेंढीचं आणि उबेचं. हे टोचण्यासाठी.

अश्दोदहून
उशिरा येतेय. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू, आजी रायगडातली, आता इस्राएलात. घरात अजून मराठी.

'एखा' वाचायचा दिवस म्हणजे ज्यू पंचांगातल्या आव महिन्याची नवमी, मंदिर पडल्याचा दिवस. सिनेगॉगमध्ये दिवे मंद करून खाली जमिनीवर बसतात. पण आजी त्याला तिशा बेआव म्हणायची नाही. तिच्यासाठी तो 'बिरड्याचा सण', कारण त्या दिवसाशी वालाच्या बिरड्याचं जेवण जोडलेलं. योम किप्पूर, म्हणजे क्षमेचा मोठा उपवास, तो 'दारफळणीचा सण'. दारं लावून, पांढरे कपडे घालून, दिवसभर आत. त्याआधीच्या एलूल महिन्यातल्या उपवासांना तर 'रमजान' म्हणायचे! त्या महिन्यात पहाटे 'सलीहोत' म्हणतात, त्या क्षमेच्या प्रार्थना. थोडक्यात, कोकणातल्या माणसांनी शोक आणि क्षमा या शब्दांचं भाषांतर केलंच नाही. काय शिजतं आणि दार उघडं की बंद, त्यावरून नावं ठेवली.

पश्चात्तापाला आमचा शब्द 'तेशुवा'. त्यात भाजणंही नाही, भरडणंही नाही. धातूचा अर्थ वळणं, परत येणं. रस्त्यावरचा शब्द आहे. ग्रीकमधला 'मेतानोया' डोक्यातला, मन पालटण्याचा.

ओसरी
म्हणजे 'परतणं' चालेल?

फोडणी
कांदा गुलाबी होईपर्यंत.

ओसरी
😀 बरं, 'वळणं'. पण प्रेषितांच्या पत्रांत 'मेतानोया' आला की 'पश्चात्ताप' ठेवते, लोकांच्या तोंडात बसलाय. स्तोत्रांना पहिल्यांदा 'गाऱ्हाणं (विलाप नव्हे)' असं लिहून पुढे सरसकट गाऱ्हाणं. एकट्या माणसाच्या स्तोत्रांनाही. खोडकाका रागावतील.

जुनं खोड
रागावलो नाही. ८८ ला मात्र गाऱ्हाणं म्हणू नका.

तळकोकण
का नाही? देव आयकना नाय म्हणून गाऱ्हाणा थांबता काय?

ओसरी
अश्दोदताई, एक शेवटचं. व्याख्यानाच्या अखेरीस विलापगीताच्या शेवटच्या दोन ओव्या आहेत. पण वक्त्यानं त्या उलट क्रमानं दिल्यात. छापताना चूक झाली असावी का?

अश्दोदहून
चूक नाही. शेवटची ओवी फार कडू आहे: तू आम्हाला पुरतं टाकलंस का, आमच्यावर इतका कोपलास का. तिथे थांबवत नाही. म्हणून ती वाचून झाली की त्याआधीची एकविसावी ओवी सगळे मिळून पुन्हा म्हणतात. तिच्यात 'हशिवेनू' आणि 'वेनाशुवा' आहेत, तेशुवाच्याच धातूची दोन रूपं, एक करवण्याचं, एक करण्याचं. तुम्ही आत्ता निवडलात त्या शब्दानं ते मराठीत सहज येतं. 'तू आम्हाला तुझ्याकडे वळव, म्हणजे आम्ही वळू.'