आरसा फोडला की झाला प्रायोगिक लघुपट?

प्रभातरोडी: काल कोथरूडात विद्यार्थ्यांचे प्रायोगिक लघुपट पाहिले. विषय एकच, 'मी आणि दुसरा मी'. जवळपास प्रत्येकात आरसा, त्यात उशिरा हलणारं प्रतिबिंब, शेवटी काच खळ्ळकन. दुसरा 'मी' आणायचा तर त्याने काहीतरी मागायला हवं. घर, बायको, पगार, काहीही. नुसता टक लावून बघणारा जुळा काय कामाचा?

संकलक बाई: सरसकट झोडपू नका. अमेरिकी प्रायोगिक दिग्दर्शिका माया डेरेनचा 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३) जेमतेम १४ मिनिटांचा, काम करणारीही तीच. संवाद नाहीत, आरसाही आहे, तोही एका आकृतीच्या चेहऱ्याच्या जागी. पण टेबलाशी तीन माया बसतात, आळीपाळीने किल्ली उचलतात आणि तिसरीच्या हातात त्या किल्लीची सुरी होते. कुणी काही मागत नाही, तरी पोटात गोळा येतो.

प्रभातरोडी: अहो, सुरी आली म्हणजे मागणी आलीच की! जीवच मागतेय ती.

शनिवारपेठी: पुण्यात बसून आरसे कसले शोधता? पानिपतानंतर 'मीच सदाशिवरावभाऊ' म्हणत एकजण उभा राहिला. चौकशीत तोतया ठरला, कैदेत गेला, तरी पुढे कोकणात हजारोंची फौज जमवली. १७७६ मध्ये त्याला ठार केलं. इकडे भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई स्वतःला विधवा मानायलाच तयार नाहीत. त्या आत, चौकशी बाहेर, एवढ्यावर दहा मिनिटं निघतात. तोतयाचा चेहरा दाखवूच नका.

संकलक बाई: कल्पना झकास, पण विषय वेगळा. तिथे खरा-खोटा ठरवता येतो. डेरेनच्या तिघींत खरी कोण, हे विचारण्यात अर्थ नाही, तिघीही तीच.

शनिवारपेठी: ठरवता येत होतं, तर फौज कशी जमली?

तिपाई: पोरांची बाजू ऐका. आरसा स्वस्त पडतो. एकाच माणसाला एका चौकटीत दोनदा दाखवायचं, तर फिल्मच्या काळी कॅमेरा पक्का रोवायचा, भिंगाचा एक भाग झाकायचा, रीळ मागे घेऊन उरलेला भाग चित्रित करायचा. फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसने १८९८ मध्येच स्वतःची डोकी टेबलावर मांडली होती. आता मोबाईलवर मास्क टाकून चित्राचा अर्धा भाग झाकला की काम होतं, पण हात मधल्या रेषेपलीकडे गेला की जोड दिसतो, म्हणून दोन 'मी' लांब लांब बसतात. कालच्या एकात मात्र पोरगा स्वतःलाच चहाचा कप देतो आणि मधल्या रेषेवर कप क्षणभर अर्धा गायब होतो. अख्ख्या कार्यक्रमात तेवढीच जागा अंगावर आली.

प्रभातरोडी: ती चूक होती हो! प्रश्नोत्तरांत मी विचारलं, तर म्हणाला 'प्रतीकात्मक आहे'.

संकलक बाई: म्हणू दे. कापायला मात्र सांगू नका त्याला.