अधिकारिता की अधिकारक्षेत्र? (आणि 'लवाद' बरोबर आहे का?)

घोडबंदरकर
आमच्या रस्त्यावरच्या झाडांना पालिकेची नोटीस डकवली आहे, 'रुंदीकरणात बाधित होणारी झाडे'. सोसायटीच्या ग्रुपवर एकाने लिहिलं, हरित लवादात जाऊ. दुसरा म्हणाला, लवादाला अधिकारिता नाही. तिसरा चिडला, 'पुण्याच्या खंडपीठाचं अधिकारक्षेत्र अख्खा महाराष्ट्र आहे, ठाणे काय महाराष्ट्राबाहेर आहे?' हे दोन शब्द एकच ना?

नौपाडा_वकिली
भांडण नेमकं तिथेच आहे. कायद्याच्या मराठीत रूढ शब्द 'अधिकारिता', म्हणजे एखादं प्रकरण ऐकून निकाल द्यायचा अधिकार. वर्तमानपत्री मराठीत 'अधिकारक्षेत्र' चालतो, पण त्यातल्या 'क्षेत्रा'मुळे डोळ्यांसमोर नकाशा येतो. तुमचे तिसरे गृहस्थ नकाशाबद्दल बोलताहेत आणि नकाशापुरतं ते बरोबरच आहे. अधिकारितेला मात्र दुसरंही अंग असतं, विषयाचं.

तुमच्या ग्रुपवरचा 'हरित लवाद' म्हणजे राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण. त्याच्या अधिनियमाच्या, २०१० च्या, कलम १४ मध्ये दोन अटी एकदम आहेत. पर्यावरणाशी संबंधित 'सारभूत', म्हणजे महत्त्वाचा, प्रश्न हवा, आणि तो पहिल्या अनुसूचीतल्या कायद्यांच्या अंमलबजावणीतून उद्भवलेला हवा. त्या अनुसूचीत सात कायदे: जल (१९७४), जल उपकर (१९७७), वन संवर्धन (१९८०), हवा (१९८१), पर्यावरण संरक्षण (१९८६), सार्वजनिक दायित्व विमा (१९९१) आणि जैवविविधता (२००२). रस्त्याकडेच्या झाडाची परवानगी निघते ती महाराष्ट्र (नागरी क्षेत्रे) झाडांचे संरक्षण व जतन अधिनियम, १९७५ खाली. तो या यादीत नाही. १९७२ चा वन्यजीव कायदाही नाही, हे ऐकून भलेभले चकित होतात. कलम १६ मधली अपिलंही याच कुटुंबातल्या आदेशांवर, त्यामुळे वृक्ष प्राधिकरणाच्या परवानगीवर थेट अपील तिथे होत नाही. ती वाट उच्च न्यायालयाकडे जाते, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ ची.

सानपाडा
थांबा, वृक्ष प्राधिकरण आणि हरित न्यायाधिकरण ही वेगळी? आमच्याकडे सगळे दोन्हींना 'प्राधिकरण'च म्हणतात.

नौपाडा_वकिली
पूर्ण वेगळी. वृक्ष प्राधिकरण पालिकेचंच, अध्यक्ष खुद्द आयुक्त. न्यायाधिकरण म्हणजे न्यायनिवाडा करणारी संस्था. दोन्हींच्या पोटात 'अधिकरण' आहे, व्याकरणातल्या सप्तमीचं तेच. 'कुठे' हा प्रश्न त्या शब्दातच बसलाय म्हणा ना.

'लवाद' मला खटकतो. लवाद म्हणजे दोन्ही पक्षांनी संमतीने नेमलेला मध्यस्थ. हरित न्यायाधिकरण कोणी संमतीने नेमत नाही. पण पाणीतंटा लवादामुळे शब्द इतका रुळलाय की आता हटणार नाही. अर्जात तरी न्यायाधिकरण लिहा.

ऐरोलीची_तिवरं
मग खाडीकाठची तिवरं तोडली तर? तीही झाडंच की.

नौपाडा_वकिली
तिथे उत्तर उलटं. किनारा नियमन क्षेत्राची अधिसूचना १९८६ च्या पर्यावरण संरक्षण कायद्याखालची, आणि कांदळवन वनजमिनीवर असेल तर १९८० चा कायदाही लागतो. दोन्ही अनुसूचीत. म्हणजे ऐरोलीचं तिवर न्यायाधिकरणात जाऊ शकतं आणि पाम बीच रोडवरचा गुलमोहर एकट्याच्या बळावर नाही. मला हे विचित्र वाटतं. झाडाची सावली कायदा विचारून पडत नाही. पण कायदा सध्या असा आहे.

गुलमोहरालाही एक आडवाट आहे. ज्या प्रकल्पासाठी तो तोडायचा, त्याला पर्यावरणावरच्या परिणामांच्या मूल्यांकनाविषयीच्या २००६ च्या अधिसूचनेखालची पर्यावरण मंजुरी लागत असेल, तर त्या मंजुरीला किंवा तिच्यातल्या अटींच्या भंगाला आव्हान देता येतं. मंजुरीवरच्या अपिलाची मुदत ३० दिवस, सबळ कारण असेल तर आणखी ६० पर्यंत. साध्या रस्ता रुंदीकरणाला अशी मंजुरी असेलच असं नाही.

सानपाडा
आणि 'वन' कशाला म्हणायचं? येऊरच्या पायथ्याशी खासगी जमिनीवर दाट झाडी आहे, ती?

नौपाडा_वकिली
शब्दचर्चेत हा प्रश्न यायलाच हवा होता! १२ डिसेंबर १९९६ च्या गोदावर्मन प्रकरणातल्या आदेशात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की १९८० च्या कायद्यातलं 'वन' शब्दकोशातल्या अर्थाने घ्यायचं, मालकी कुणाचीही असो. कोशाला एवढा मान क्वचितच मिळाला असेल. २०२३ च्या दुरुस्तीने ती व्याप्ती आक्रसायचा प्रयत्न झाला आणि तो वाद पुन्हा सर्वोच्च न्यायालयात गेला. तुमची झाडी अभिलेखात काय म्हणून नोंदली आहे, ते आधी काढा.

निवृत्त_मास्तर
माझा आक्षेप 'बाधित'वर. पूरबाधित माणूस जिवंत असतो, त्याला मदत मिळते. इथे 'बाधित'च्या एका रकान्यात तोडायची झाडं आणि पुनर्रोपणाची झाडं एकत्र कोंबतात. हरकत लिहिताना दोन्ही आकडे वेगळे मागा.

नौपाडा_वकिली
सर, अगदी. घोडबंदरकर, नोटिशीत 'अन्वये' हा शब्द शोधा. त्याच्या आधी जो कायदा आणि जे कलम असेल, त्यावर अधिकारिता ठरते. १९७५ चं कलम ८ असेल तर आधी वृक्ष अधिकाऱ्याकडे लेखी हरकत, पोच घेऊन. मुदत नोटिशीतच असते आणि ती फार नसते, तेव्हा ग्रुपवरचं भांडण नंतर.