बोनस पॉइंटांवर गोल्ड झालेल्या शहाण्यास

खाडीपलीकडे
काल 'मोपाचा प्रवासी' यांनी इथे लिहिलं की विमान कंपनीच्या सभासद योजनेत दुप्पट स्टेटस पॉइंटांची ऑफर गाठून ते चार महिन्यांत वरच्या दर्जाचे, म्हणजे गोल्ड झाले (त्या कार्डावर जादा सामान फुकट नेता येतं), आणि "जे अजून जादा बॅगेचे पैसे भरतात त्यांना हिशोब येत नाही." मी भरतो. चौदा वर्षं दोह्यात आहे, वर्षाला दोन खेपा गावी, राजापूर तालुक्यात. रात्रीच उत्तर लिहायला घेतलं होतं, बायको म्हणाली झोपा आता. आज शुक्रवार, सुट्टी आहे, म्हणून सविस्तर.

जाहिरातीत ज्याला मोठ्या अक्षरांत बोनस म्हणतात ते बहुतेक वेळा खर्चायचे पॉइंट असतात. त्यांच्यावर तिकीट मिळतं, कार्डाचा रंग, म्हणजे सभासदाचा दर्जा, बदलत नाही. रंग बदलायला वेगळे लागतात: एअर इंडियाचे टियर पॉइंट, एमिरेट्सचे टियर माइल्स, कतारचे क्यूपॉइंट्स, क्वांटासचे स्टेटस क्रेडिट्स. दोन्ही आकडे एकाच पानावर शेजारी दिसतात आणि माणूस मोठा आकडा बघून खूश होतो. माझ्या खोलीतल्या सोबत्याने वर्षभर प्रत्येक बोनस गोळा केला. पॉइंट ढीगभर, स्टेटस सर्वांत खालचं. काउंटरवर साडेतीन किलो जास्त भरले तेव्हा त्याने मोबाइल काढून पॉइंट दाखवले. त्या मुलीने हसून वजनकाट्याकडे बोट केलं.

खऱ्या दुप्पट स्टेटसच्या ऑफर येतात, नाही म्हणत नाही. पण आधी नोंदणी, मग तिकीट, मग ठरलेल्या तारखांच्या आतच प्रवास. नोंदणी विसरलात की सगळं मुसळ केरात.

आता हिशोब. कतारच्या गोल्डला 300 क्यूपॉइंट्स लागतात. धरून चाला की तुमच्या स्वस्तातल्या तिकिटाच्या येण्याजाण्याला 20 मिळाले. ऑफरमध्ये 40. म्हणजे आठ फेऱ्या. तिकीट 25 हजार धरा. दोन माझ्या गरजेच्या, उरलेल्या सहा नुसत्या रंगासाठी, दीड लाखाच्या. मी खेपेला जादा सामानाचे आठ हजार भरतो असं धरलं तरी वर्षाचे सोळा. दीड लाखात नऊ वर्षं निघतात. तुमचं कार्ड किती वर्षं टिकतं?

मोपाचा प्रवासी
खाडीपलीकडे साहेब, गणित छान, फक्त माझं नाही. मी एकही रिकामी फेरी मारलेली नाही. कामासाठी दुबई आणि सिंगापूर असतंच. ऑफर मार्चपासून होती, मी फेब्रुवारीतल्या दोन फेऱ्या मार्चमध्ये ढकलल्या आणि जूनची एक अलीकडे ओढली. तेवढंच. पाऊस बघून पेरणी करतात तसं. तुम्ही मिरगाच्या आधी भात पेरता का?

आणि मिळतं काय ते ऐका. स्टार अलायन्स या विमान कंपन्यांच्या गटाचं गोल्ड असेल तर वजनाच्या हिशोबात 20 किलो जादा, नगांच्या हिशोबात एक नग जादा. लाउंजमध्ये मी आणि सोबत एक पाहुणा. गेल्या खेपेला आईला घेऊन गेलो. सत्तरीची बाई, पहिल्यांदा तिने विमानतळावर पाय पसरून चहा घेतला. त्याची किंमत तुमच्या सोळा हजारांत लावा.

दर्यावर्दी
"कामासाठी असतंच" म्हणजे तिकीट कंपनीचं. मग बोला ना तसं. दुसऱ्याच्या पैशाने उडायचं आणि स्वतःच्या पैशाने उडणाऱ्याला हिशोब शिकवायचा!

मी मर्चंट नेव्हीत, अठरा वर्षं. आमचं तिकीटही कंपनीचं, पण मरीन फेअर, म्हणजे खलाशांसाठीचं वेगळं भाडं. सामान चाळीस किलो मिळतं आणि पॉइंट बऱ्याच ठिकाणी शून्य किंवा शून्याच्या जवळ. सहा महिने बोटीवर, मग रॉटरडॅमहून घरी, मग ह्यूस्टनला जॉइन. एवढं उडूनही माझं कार्ड निळंच, सर्वांत खालचं. म्हणजे निष्ठेची व्याख्या काय? जो जास्त उडतो तो नव्हे, जो जास्त मोजतो तो.

मोपाचा प्रवासी
कंपनीचं तिकीट काढायचं की नाही हे कंपनी ठरवते, कुठल्या आठवड्यात जायचं हे मी ठरवतो. एवढी अक्कल वापरली तर तुमच्या पोटात का दुखतं?

दर्यावर्दी
पोटात नाही, कानात दुखतं. फुशारकी ऐकून.

मस्कतची माहेरवाशीण
दोघे थांबा जरा. मी चौघांचं सामान भरते, त्यामुळे या विषयावर बोलायचा हक्क माझा जास्त आहे.

आमच्या ह्यांच्याकडे दोन वर्षं वरचं कार्ड होतं, असंच ऑफरमध्ये मिळवलेलं. जादा वजन एकट्या ह्यांच्या नावावर. माझं, मुलांचं साधंच. त्यामुळे परतताना सगळं जड सामान ह्यांच्या बॅगेत: कोकमाच्या आगळाच्या बाटल्या, कुळथाचं पीठ, आणि सासूबाईंनी दिलेले सुक्या कोळंबीचे सोडे. तीन पिशव्यांत गुंडाळले, वर वर्तमानपत्र, वर जुना टॉवेल. प्रायॉरिटीचा टॅग लागला आणि बॅग पट्ट्यावर सगळ्यांच्या आधी आली. म्हणजे वासासकट आधी आली. अख्ख्या विमानातली माणसं पट्ट्याभोवती उभी, आणि फिरत येणारी एकटी आमचीच बॅग. हे दोन फेरे ओळखच देईनात. तिसऱ्या फेऱ्याला मीच उचलली.

तेव्हा स्टेटसचा फायदा होतो, पण लपून राहायची सोय राहत नाही.

परशुराम घाट
ह्या सगळा ठीक असा. पण त्या लाउंजात बसाक आधी विमानतळार पोचूक व्हया ना? माका सांगा, सिंधुदुर्गातल्या चिपीसून मुंबैचा विमान टिकला खय? 9 ऑक्टोबर 2021 ला फीत कापली. सरकारच्या उडान योजनेचे तीन वर्स भरले, पैशाची मदत संपली, 2024 त मुंबैचा विमान बंद. गोल्ड घेवन काय करतलास, चिपीच्या धावपट्टीर गुरा राखतलास?

मोपाचा प्रवासी
म्हणूनच माझं नाव मोपाचा प्रवासी आहे. जानेवारी 2023 पासून गोव्यातला मोपाचा विमानतळ सुरू आहे, सावंतवाडीहून तासाभरात पोचतो. रडायचं कशाला?

परशुराम घाट
सावंतवाडीकरांका मोपा. आणि चिपळूणकरांनी काय करूचा? रत्नागिरीचा विमानतळ कोस्ट गार्डाचा, आमका नुसतो आवाज ऐकूक येता. मुंबै-गोवा रस्त्याचा काम 2011 पासून चालू असा. माझो झील तेव्हा पयलीत होतो, आता इंजिनेर झालो. रस्तो अजून डायव्हर्जनातच.

कोकणकन्या एस थ्री
घाटाशी सहमत. गेल्या मे महिन्यात भावाला मुंबईहून रात्रीचं विमान होतं. दुपारी बाराला चिपळूण सोडलं. माणगावात दीड तास. पोरगं उलटीला, ड्रायव्हर शिव्या देतोय, भाऊ मोबाइलवर चेक-इनची वेळ बघतोय. काउंटर बंद व्हायला अकरा मिनिटं असताना पोचलो. त्याच्याकडे सिल्व्हर होतं, वेगळी रांग होती, म्हणून गेला तरी. म्हणजे बघा, स्टेटस खरं कुणाला उपयोगी पडलं? माणगावात अडकणाऱ्याला.

दर्यावर्दी
मग आदल्या रात्रीची गाडी का नाही धरली?

कोकणकन्या एस थ्री
मे महिन्यात? कन्फर्म? तुम्ही बोटीवर होतात वाटतं. बुकिंग आधी 120 दिवस अगोदर उघडायचं, नोव्हेंबर 2024 पासून 60 दिवस. फरक एवढाच की वेटिंगचा मेसेज आता दोन महिने उशिरा येतो. एक म्हणणं आहे माझं: विमानवाल्यांसारखं रेल्वेनेही स्टेटस सुरू करावं. पंचवीस वर्षं गणपतीला उभ्याने गेलो त्याचे टियर पॉइंट द्या. मी प्लॅटिनमच्याही वर निघेन.

मस्कतची माहेरवाशीण
एसटीचा 'आवडेल तेथे प्रवास'चा पास हीच आमची खरी लॉयल्टी. बाबांनी सात दिवसांचा पास काढून आम्हा तिघींना अख्खा महाराष्ट्र दाखवला होता. अटी कार्डाच्या मागे चार ओळींत मावायच्या.

परशुराम घाट
त्या चार ओळी वाचता येयत. हेंच्या अटी वाचूक वकील लागता. पण रस्त्याचा काय ता सांगा.

खाडीपलीकडे
रस्त्याचा वेगळा धागा काढा हो. दरवेळी आंब्यावर बोला, माशांवर बोला, शेवट परशुराम घाटातच. मी विचारलेलं राहूनच गेलं: कार्ड किती वर्षं टिकतं?

परशुराम घाट
वेगळो धागो 2019 त काढलेलो. तोय अर्धवट असा, रस्त्यासारखोच.

देवगडचा नाखवा
मी शांतपणे वाचत होतो. दोन्हीकडचं थोडं थोडं चुकतंय.

खाडीपलीकडे, तुमचं गणित जुन्या जमान्याचं. अंतरावर पॉइंट मिळायचे तेव्हा लोक स्वस्तातलं लांबचं तिकीट काढून नुसते चकरा मारायचे. ते दिवस सरत आलेत. एअर इंडियाने 2024 मध्ये योजना खर्चावर नेली. ब्रिटिश एअरवेजने 1 एप्रिल 2025 पासून टियर पॉइंट पौंडांना बांधले, गोल्डला 20,000. माझा मेहुणा लंडनला असतो, वर्षाला तीनदा येतो, इकॉनॉमीत. त्याला तो आकडा या जन्मी दिसत नाही. आणि नियम कडक केल्यावर त्यांनीच सुरुवातीला बोनस टियर पॉइंट वाटले. जाळं बदललं की कोळी आधी थोडं आमिष टाकतोच.

आणि मोपाचा प्रवासी, ज्या वर्षी ऑफर येते त्या वर्षी तुम्ही गोल्ड. पुढच्या वर्षी टिकवायला काय करणार? ऑफर नसेल तर तेवढंच काम करून निम्मे पॉइंट. मग डिसेंबरात घाम फुटतो, आणि तिथे माणूस पहिली बिनकामाची फेरी मारतो. मी मारली आहे. मुंबई, अबू धाबी, परत मुंबई. विमानतळाबाहेर पाय ठेवला नाही. बायकोला सांगितलं मीटिंग होती. शुद्धीत असलेला माणूस असं करत नाही.

दर्यावर्दी
अबू धाबीच्या विमानतळावर खाल्लंत काय?

देवगडचा नाखवा
बर्गर. एकादशी होती.

मस्कतची माहेरवाशीण
वहिनी हा धागा वाचतात का?

खाडीपलीकडे
नाखव्यांनी माझंच म्हणणं माझ्यापेक्षा बरं मांडलं, आणि वर जुन्या जमान्याचा म्हणाले. असो. जेट एअरवेजची आठवण ठेवा एवढंच सांगतो. 17 एप्रिल 2019 ला शेवटचं विमान उडालं. पॉइंटांची कंपनी वेगळी होती म्हणून पॉइंट पुढे इंटरमाइल्स नावाने चालू राहिले. पण प्लॅटिनम कार्ड दाखवायला काउंटरच उरला नाही. ज्याने पॉइंट खर्चून टाकले तो शहाणा, ज्याने रंग जपला त्याच्या ड्रॉवरमध्ये प्लास्टिक.

मोपाचा प्रवासी
कंपनी बुडेल म्हणून स्टेटस घेऊ नये? मग बँकेतही पैसे ठेवू नका. 2020 मध्ये कोणीच उडत नव्हतं तेव्हा बहुतेक कंपन्यांनी स्टेटस फुकटात वाढवून दिलं होतं, ते कोणी सांगत नाही.

आणि ज्यांना एवढी चकराचकरी नको त्यांच्यासाठी स्टेटस मॅच असतं. एका कंपनीचं कार्ड दाखवलं की दुसरी काही महिने तेवढंच देते. पण इथे कुणाला शिकायचंच नाही, सगळ्यांना माझी फुशारकी मोजायची आहे.

दर्यावर्दी
मोजतोच. टियर पॉइंटांचा आकडा टाका इथे. खर्चायचे नकोत, टियरचे.

मोपाचा प्रवासी
संध्याकाळी टाकतो. आता मीटिंग आहे.

देवगडचा नाखवा
अबू धाबीला?

परशुराम घाट
कशेडीच्या बोगद्याबद्दल कोणीच बोलणा नाय.

मोपाचा प्रवासी
खातं बघितलं. टोमणे मारायच्या आधी पूर्ण वाचा.

मार्चच्या सिंगापूरच्या खेपेत मोपा ते मुंबई आणि परतीचा तुकडा भागीदार कंपनीच्या विमानाचा होता. नंबर आमच्या कंपनीचा, विमान दुसऱ्याचं. त्याला दुप्पट लागू नाही, अटींत अकराव्या कलमात लिहिलंय. त्यामुळे दोन तुकडे साधेच धरले गेले. ॲपवर गोल्ड दिसत होतं ते "या वेगाने गेलात तर गोल्ड" असं होतं. खाली बारीक अक्षरात. सध्या सिल्व्हर आहे. आईला लाउंजमध्ये नेलं ते क्रेडिट कार्डावर, हेही आत्ताच लक्षात आलं.

पण तारखा ढकलण्याचं तत्त्व बरोबरच आहे. ते मी मागे घेत नाही.

दर्यावर्दी
काही बोलत नाही.

मस्कतची माहेरवाशीण
तुम्ही एवढं लिहिलंत तेच पुष्कळ. आमच्या ह्यांनी दोन वर्षांत कबूल केलं नाही की ती बॅग आमची होती.

खाडीपलीकडे
तारखा ढकलणं मलाही पटलं, लिहून ठेवा हवं तर. ज्याला जायचंच आहे त्याने ऑफर बघून जावं, नोंदणी आधी करावी, आणि नंबर कुणाचाही असो, विमान कुणाचं ते बघावं. एवढंच तुम्ही काल लिहिलं असतं तर माझा शुक्रवार वाचला असता.

सिल्व्हरवर किती किलो जादा मिळतात तुम्हाला? या महिन्यात दोह्यावरून जाणार असाल तर आमच्या घरून आगळाची एक बाटली उचला. राजापुरात हायवेलाच आहे घर.

मोपाचा प्रवासी
आगळ आणतो. सोडे नाही.

परशुराम घाट
राजापुरात हायवेक खयल्या बाजूक? थंयसर सर्व्हिस रोड बंद असा.